पोतं उचलायच्या आधीचं थांबणं

काका,

स्टुडिओतून मला तुमच्यावर अर्धं पान लिहून द्यायला सांगितलं होतं. जन्म कुठला, मुंबईत किती वर्षं होतात, अमरावतीच्या या स्टुडिओत कधी आलात, असं सगळं. वर तुमचा ओळखपत्रावरचा फोटो, ज्यात तुम्ही रागावलेले दिसता. ते पान मी लिहून दिलं. त्यात एक वाक्य तिथल्या सरांनी सांगितलं म्हणून घातलं : ‘वयोमानामुळे नवीन तंत्र आत्मसात करताना त्यांना अडचणी आल्या.’ ते वाक्य खोटं आहे. आणि ते खोटं आहे हे तेव्हा फक्त मला माहीत होतं.

म्हणून हे वेगळं लिहिते आहे, आमच्या कॉलेजच्या अंकासाठी. मला लेख वगैरे लिहायची सवय नाही. तुमच्याशी बसमध्ये बोलायची तसंच लिहिते. तुम्हाला जाऊन आज एकोणीस दिवस झाले.

पहिला दिवस आठवतो का? तुमचा स्टुडिओ इतकी वर्षं सपाट कार्टून करत आला होता, आणि बाहेरून येणारं काम आता थ्रीडीचंच येणार असं ठरलं होतं. म्हणून तुम्हा नऊ जुन्या कलाकारांना रोज सकाळी दोन तास नवीन सॉफ्टवेअर शिकवायचं, चार महिन्यांनी परीक्षा घ्यायची, पास होतील ते नव्या टीममध्ये, बाकीच्यांचा करार संपला. मी ॲनिमेशनच्या शेवटच्या वर्षाला होते. कॉलेजने प्रॅक्टिकलसाठी तिथे पाठवलं होतं. सरांनी मला तुमच्या टेबलापाशी आणून उभं केलं आणि म्हणाले, “प्रभाकरजी, ही प्रज्ञा. सॉफ्टवेअरमध्ये काही अडलं तर हिला विचारा.”

तुम्ही छप्पन वर्षांचे, मी वीसची. तुम्ही खुर्चीवरून उठलात, हात जोडलेत आणि म्हणालात, “बसा मॅडम.” सगळा हॉल हसला. माझ्या डोळ्यांत पाणी यायचंच राहिलं होतं. तेवढ्यात तुम्ही खिशातून शेंगदाण्याची पुडी काढून माझ्यापुढे ठेवलीत. “शिकवाच्या आधी खाऊन घे. उपाशी मास्तर लय मारते.”

तुमच्या टेबलावर एक गोल आरसा असायचा, न्हाव्याकडे असतो तसा. तोंड वाकडंतिकडं करून तुम्ही त्यात बघायचात आणि मग पडद्यावरच्या बाहुल्याचा चेहरा बसवायचात. शेजारचे विचारायचे, “काका, पोरगी पाहाले चालले का?” तुम्ही आरशातूनच उत्तर द्यायचात, “तुया बायकोनं बलावलं.” आणि तुमची ती बोटं! कागदावर काम करताना चार कागद चार बोटांत धरून फडफडवत बघायची सवय. कागद गेले तरी बोटं जायला तयार नव्हती. पडद्यासमोर हवेतच काहीतरी चाळत बसायचात. मी एकदा विचारलं, तर लाजलात. “म्हशीचं शेपूट हालते नं, तसं आहे ते. मायं काही चालत नाही त्याच्यापुढे.”

मला तेव्हा वाटायचं, ही सगळी जुनी सवय मोडायला हवी. ट्रेनिंगच्या पहिल्याच दिवशी आम्हाला सांगितलं होतं, जुनं विसरल्याशिवाय नवीन येत नाही. मी ते वहीत लिहून घेतलं होतं आणि तुम्हालाही ऐकवलं.

“असं कोन म्हणते?”

“सरांनी सांगितलं.”

“सराले सांग, मी सायकल शिकलो तवा चालनं नोतो विसरलो.”

हे भांडण आपलं चार महिने चाललं. बहुतेक बसमध्येच. शनिवारी दुपारी अमरावतीहून अकोल्याची गाडी पकडायची, तुम्ही अकोल्याला उतरून घरी, मी तिथून पुढे बार्शीटाकळीला. मूर्तिजापूर येईपर्यंत तुम्ही माझ्याकडून सॉफ्टवेअर शिकायचात. मी वहीत खिडक्या काढून दाखवायचे, हे बटण इथे, ते तिथे. मूर्तिजापूरनंतर मी शिकायचे. तुम्ही समोरच्या सीटवरचं कुणीतरी दाखवायचात. “त्या बाईकडे पाह्य. झोप आली तिले, पन मांडीवरच्या डब्यातलं तूप सांडू द्याचं नाही. मान पडते, हात नाही पडत. हे तुया कंप्युटरले मालूम आहे का?” मी म्हणायचे, कंप्युटरला सांगितलं तर कळेल. तुम्ही म्हणायचात, “हाव, पन सांगनाऱ्याले तं दिसलं पायजे.”

त्या वेळी मी वाद जिंकायला बघत होते. आता बसमध्ये बसले की माझी मान आपोआप समोरच्या सीटकडे वळते.

एकदा तुम्ही आमच्या घरी आलात, ते मला सांगायचंच आहे. आमच्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजात गेलं नव्हतं. माझे बाबा गवंडीकाम करतात. मी काय शिकते हे त्यांना कधी नीट सांगता आलं नव्हतं. शेजारी कुणी विचारलं तर आई ‘कंप्युटरचं’ एवढंच सांगायची. एकदा मला म्हणाली होती, “कार्टून काढाची बी डिग्री असते का वं?” मी चिडले होते, कारण मलाही उत्तर येत नव्हतं.

तुम्ही चहा पिता पिता बाबांकडे बघत होतात. ते ओट्याला गिलावा करत होते, तुम्ही आलात तरी हातातला माल वाळून जाईल म्हणून थांबले नव्हते. तुम्ही माझी वही मागितलीत आणि प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात एकामागून एक चित्र काढत गेलात. अर्ध्या तासाने वही बाबांच्या हातात दिलीत. “अंगठ्यानं सोडा पानं.” बाबांनी सोडली. कोपऱ्यातला एवढासा माणूस थापीने माल घेत होता, भिंतीवर फेकत होता, आणि मग मनगट एकदा झटकत होता. बाबा तसंच झटकतात. मी वीस वर्षं बघत आले होते, मला ते कधी दिसलं नव्हतं.

बाबांनी पानं पुन्हा एकदा सोडली. मग आईला हाक मारली, “अवं, इकडे ये, मी गिलावा करून राहिलो पाह्य!” आणि इतके हसले की त्यांना खोकला आला. मग तुम्हाला म्हणाले, “गुरुजी, हे शिकते का आमची पोरगी?”

“मायापेक्षा जास्त शिकते,” तुम्ही म्हणालात.

त्या दिवसानंतर घरी मला कुणी विचारलं नाही की या शिक्षणाचं पुढे काय. ती वही बाबांनी गोधड्यांच्या पेटीत ठेवली आहे.

मग परीक्षेचा विषय आला. पाच सेकंदांचं दृश्य : एक माणूस जमिनीवरून जड पोतं उचलतो. बाकीच्यांनी फोनवर व्हिडिओ शोधले. तुम्ही मला सुट्टीच्या दिवशी सकाळी अकोल्याच्या बाजारात बोलावलंत, जिथे तुरीची पोती उतरतात. मी बार्शीटाकळीहून आले, तर तुम्ही आधीच एका रिकाम्या हातगाडीवर वही घेऊन बसलेले.

एक हमाल वाकला. दोन्ही हात पोत्याला लावले. आणि तसाच राहिला.

“पाह्य, पाह्य. उचलून नाही राहिला. काहून?”

“दम खात असतील.”

“दम मंग खाइन तो. आता तो पोत्याले इचारून राहिला, तू किती आहेस म्हनून.”

तेवढ्यात त्याने उचललं. तुम्ही घड्याळ न बघता म्हणालात, “वीस फ्रेम.” सेकंदाला चोवीस चित्रं, म्हणजे जवळजवळ एक सेकंद तो हललाच नव्हता. “वजन उचलन्यात नसते पोरी. त्याच्या आधी असते.”

हमालांनी आपल्याला बघितलं होतं. एक जण ओरडला, “ओ मास्तर, पाहता काय, या नं उचलू लागा!” तुम्ही खरंच उठलात. वही माझ्याकडे दिलीत, बाह्या सारल्यात, पोत्याला हात घातलात. पोतं तिळभर हललं नाही. तुमचा चष्मा मात्र पोत्यावर पडला. “काका, पोतं हाये ते, पेन्सिल नाही!” सगळे हसत होते, तुम्ही सगळ्यांत जास्त. परत येताना एक हात कमरेवर ठेवून चालत होतात आणि दुसऱ्या हाताने मला समजावून सांगत होतात की नेमका कुठला स्नायू आधी ताणला गेला.

तीन आठवडे तुम्ही ते दृश्य केलंत. मी शेजारी बसून होते. तरी मी नीट बघितलं नव्हतं, हे आता कळतं.

काका, आता जे सांगायचं आहे ते मी तुम्हाला सात महिने सांगितलं नाही.

परीक्षेच्या शेवटच्या दिवशी काकूंना डोळ्यांच्या डॉक्टरकडे न्यायचं होतं, म्हणून तुम्ही दुपारीच निघालात. फाइल पूर्ण झाली होती. “पाच वाजेलोक पाठवून दे,” एवढंच म्हणालात. मी फाइल उघडली. सॉफ्टवेअरमध्ये हालचालीची रेघ दिसते. आम्हाला शिकवलं होतं की ती रेघ गुळगुळीत हवी, नदीच्या वळणासारखी. तुमची रेघ जिन्याच्या पायऱ्यांसारखी होती. प्रत्येक चित्र दोन-दोन फ्रेम धरून ठेवलेलं, कागदाच्या काळात काढायचे तसं. आणि उचलायच्या आधी माणूस वीस फ्रेम नुसता वाकून उभा.

मला वाटलं, काका शेवटची पायरी विसरले. गुळगुळीत करायचं राहून गेलं. मला वाटलं, परीक्षक हसतील, म्हणतील जुना माणूस, कागदावरून उठलाच नाही. मला तुमची लाज वाटली असं नाही. पण तुमच्यासाठी भीती वाटली. मी सगळं निवडलं आणि एक बटण दाबलं. ते उभं राहणंही वीसवरून सहा फ्रेमवर आणलं. चालवून बघितलं, पाण्यासारखं चाललं. मला आनंद झाला, काका. मला वाटलं, सोमवारी कळेल तेव्हा तुम्ही पुडी काढाल. मी तीच फाइल पाठवली. तुमची जुनी तशीच ठेवली, वेगळ्या नावाने.

निकाल सरांनी सगळ्यांसमोर वाचला. सहा पास, तीन नापास. तुमच्या नावापुढे लिहिलं होतं : ‘हालचाल तरंगते. पोत्याला वजन नाही.’

चहाच्या सुट्टीत तुम्ही माझ्याकडे आलात. “पाठवली ते फाइल आहे का? एकडाव पाहून घेतो.”

आणि मी म्हणाले, “नाही काका. पाठवल्यावर निघून जाते.”

का म्हणाले? मी स्वतःला खूप कारणं दिली आहेत. प्रॅक्टिकलचं सर्टिफिकेट अडलं असतं. घरातली पहिली मुलगी, वर्ष गेलं असतं. पण खरं म्हणजे तुम्ही माझ्याकडे कसे बघाल, तेवढ्याचीच भीती होती. तुम्ही मान हलवलीत. “जाऊ दे,” म्हणालात. “तीस वर्ष वजनच काढलं म्या. हातातून गेलं असन.”

तेव्हा मी बोलायला हवं होतं. अजून वेळ होता. सर तिथेच दोन खोल्या पलीकडे बसले होते.

तुम्ही आरसा पिशवीत घालून अकोल्याला गेलात. मला स्टुडिओने प्रॅक्टिकलनंतरही ठेवून घेतलं. मग तुमचे फोन यायला लागले, दर आठ-दहा दिवसांनी. आधी माझी चौकशी. जेवली का, परीक्षा कधी, बाबाचा खोकला कसा आहे. मग थोडं थांबून, “पोरी, मले वाटते टाचेत चूक होती. टाच आधी उचलली म्या.” पुढच्या वेळी, “मानेचं असन ते. मान उशिरा आली.” घरच्या जुन्या कंप्युटरवर तुम्ही तेच दृश्य पुन्हा पुन्हा करत होतात. नसलेली चूक शोधत होतात. मी म्हणायचे, “हो काका, असेल.” एकदा तर म्हणाले, “खांदा बघा.” खांदा बघा! तुम्ही आठवडाभर खांदा बघितलात.

प्रत्येक वेळी ठरवायचे की पुढच्या फोनला सांगेन. पुढचा फोन येईल हे मी धरून चालले होते.

तुमच्या तेरवीच्या दुसऱ्या दिवशी मी अकोल्याला गेले. काकूंनी मला तुमच्या खोलीत नेलं. “पाह्य बाप्पा, काय करत होते दिवसभर, मले तं काही समजे नाही.” कंप्युटरवर एक फोल्डर होता. पोतं १, पोतं २, असं करत पोतं ४३ पर्यंत. मी ओळीने उघडत गेले. पहिल्या काहींत तुमचा जिना होता, तुमचं थांबणं होतं. पुढे पुढे रेघ गुळगुळीत होत गेली. थांबणं कमी होत गेलं, पंधरा, बारा, आठ. शेवटच्या फाइलमधला माणूस मी पाठवला होता तसाच पोतं उचलत होता. तुम्ही तुमच्या हाताची सवय मोडून माझ्या चुकीपर्यंत येऊन पोचला होतात.

मी काकूंना सगळं सांगितलं. त्या पलंगावर बसून ऐकत होत्या.

“मंग त्याईले काहून नाही सांगतलं?”

मी रडत होते.

“एक फोन तं करा लागत होता वं. सात महिने झोपला नाही तो माणूस नीट. मी म्हणो, झालं ते झालं, सोडा आता. तं म्हणे, लता, मायं कुठी चुकलं ते पायलं पायजे.” मग त्या उठून आत गेल्या. मला वाटलं, आता मी जावं. पण त्या चष्मा घेऊन आल्या. “त्याईनं केलेलं आहे का तुयापाशी? पयलं?”

माझ्या लॅपटॉपवर होतं. लावलं. माणूस वाकला, पोत्याला हात लावले, थांबला. काकूंनी पुन्हा लावायला सांगितलं. मग पुन्हा. तिसऱ्यांदा त्यांनी पडद्याला बोट लावलं.

“गॅसचं सिलिंडर उचलाच्या आधी असेच उभे राहत. मी म्हणो, उचला नं, काय पूजा करून राहिले का त्याची.”

त्या हसल्या आणि मग त्यांना रडू आलं. मला त्यांनी माफ केलं असं त्या म्हणाल्या नाहीत, आणि मीही विचारलं नाही. निघताना म्हणाल्या, “येत जाजो.” एवढंच.

दुसऱ्या दिवशी सरांना दोन्ही फाइली दाखवल्या. त्यांनी तुमची दोनदा बघितली. “हेच पाठवलं असतं तर…” म्हणाले आणि थांबले. मग म्हणाले, “पाठवण्याआधी मीही बघायला हवं होतं.” ते अडचणींचं वाक्य त्यांनी माझ्यासमोर खोडलं. पण मला म्हणाले, बाहेर बोलू नकोस, आता सोमवारपासून नवी बॅच तुझ्याकडे देणार आहे, लोकांचा विश्वास बसायला हवा. मी हो म्हणाले नाही. नाहीही म्हणाले नाही. तुम्हाला माहीतच आहे, मला पटकन बोलता येत नाही.

सोमवारी बॅच सुरू झाली. सात जण आहेत, सगळे चाळिशीच्या पुढचे. मी उभी राहिले, दोन्ही फाइली पडद्यावर लावल्या आणि सांगितलं, यातली एक एका मोठ्या कलाकाराची आहे आणि दुसरी मी बिघडवलेली. का बिघडवली, कशी, त्याचं पुढे काय झालं, सगळं. सर दारात उभे होते. बॅच माझ्याकडे राहील की नाही, अजून मला माहीत नाही.

काल तिसऱ्या ओळीतल्या शोभाताईंनी हाक मारली. त्या रंग भरायचं काम करत होत्या, वीस वर्षं. मुलगी उडी मारते असं साधं दृश्य होतं, आणि त्यांची रेघ मध्येच तुटलेली होती, एकदम खाली पडलेली. नियमाने चूकच. त्यांनी माझ्याकडे बघितलंही नाही, खुर्ची मागे सरकवून मला जागा करून दिली. “करून द्या मॅडम, तुमीच.”

मी माउसला हात लावला नाही. दुसरी खुर्ची ओढून त्यांच्या शेजारी बसले.

“ताई, इथे असं का केलंत?”

त्या गोंधळल्या. असं त्यांना कुणी विचारलं नव्हतं बहुतेक. मग हळूहळू सांगायला लागल्या, की त्यांची मुलगी लहानपणी पायरीवरून उडी मारायची तेव्हा अर्ध्यात घाबरायची. मी ऐकत बसले, काका.